आकाशातला उजेड आणि आपली नोंदवही

राज्यांच्या सीमा जमिनीवर असतात. आमच्या मंचेरियलहून निघालेली रेल्वे बल्लारशाला पोहोचते, तेव्हा पाट्यांवरची भाषा बदलते, वर्तमानपत्र बदलते, शाळेचे क्रमिक पुस्तकही बदलते. आकाश तेवढे दोन्हीकडे तेच राहते. त्या आकाशात अवचित दिसलेल्या दोन उजेडांचा इतिहास वाचकांपुढे ठेवावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

पहिला प्रसंग जुना आहे. इ.स. 1883 च्या सप्टेंबर महिन्यात मद्रास इलाख्यात आणि सिंहलद्वीपात लोकांनी उगवता व मावळता सूर्य चक्क हिरवा पाहिला. काही ठिकाणी तो निळसर दिसला. मद्रासच्या ख्रिश्चन कॉलेजातले प्राध्यापक मिची स्मिथ यांनी वर्णपटदर्शक लावून त्या प्रकाशाची तपासणी केली. पाण्याच्या वाफेमुळे पडणारे पट्टे त्यांना ठळक दिसले. म्हणून या रंगाचे कारण वाफ असावी, असा तर्क त्या वेळी पुढे आला.

खरे कारण हजारो मैलांवर होते. 27 ऑगस्ट 1883 रोजी सुंदा सामुद्रधुनीतला क्राकाटोआ ज्वालामुखी फुटला आणि त्यात छत्तीस हजारांहून अधिक माणसे दगावली. त्याची धूळ आणि वायू वातावरणाच्या वरच्या थरात गेले. तिथल्या वाऱ्यांनी तो लोट पश्चिमेकडे ढकलला आणि सुमारे दोन आठवड्यांत त्याने पृथ्वीला एक फेरा घातला. एरवी हवेतले सूक्ष्म कण निळा प्रकाश विखुरतात, म्हणून मावळता सूर्य आपल्याला तांबडा दिसतो. पण कणांचा आकार ठराविक आणि जवळपास सारखा असला, तर ते तांबडा प्रकाशच अधिक विखुरतात आणि मागे निळा-हिरवा उरतो. सूर्य हिरवा दिसला तो यामुळे.

हा उलगडा झाला तो टिपणे करणाऱ्या माणसांमुळे. लंडनच्या रॉयल सोसायटीने 1884 मध्ये समिती नेमून जगभरातून माहिती गोळा केली. कोणत्या गावी, कोणत्या तारखेला, कोणता रंग दिसला, हे जुळवल्यावर धुळीचा मार्ग नकाशावर उमटला. सायमन्स यांनी संपादित केलेला तो जाडजूड अहवाल 1888 मध्ये निघाला. मिची स्मिथ यांचा वाफेचा तर्क मागे पडला, पण त्यांची तारीख आणि वेळ टिकली. तर्क चुकला तरी नोंद वाया जात नाही, हा या प्रकरणाचा धडा मला फार मोलाचा वाटतो.

आता दुसरा प्रसंग पाहू. 2 एप्रिल 2022, शनिवार. पलीकडे गुढीपाडवा, इकडे उगादी. सायंकाळी पावणेआठच्या सुमारास खानदेश, बुलढाणा, अकोल्यापासून नागपूर-चंद्रपूरपर्यंत आणि मध्य प्रदेशातही लोकांनी आकाशात जळते गोळे ओळीने सरकताना पाहिले. वरोऱ्याच्या माझ्या मेहुण्यांचा फोन आला, "भावजी, आमच्या शिवाराच्या पलीकडंच पडलं बघा!" कोणी उल्का म्हणाले, कोणी विमान पेटले म्हणाले, तर वर्षारंभीच हा अपशकुन कसला, म्हणून कोणी धास्तावले.

त्याच रात्री चंद्रपूर जिल्ह्यात, सिंदेवाही तालुक्यातल्या लाडबोरी गावी धातूचे एक प्रचंड कडे पडलेले आढळले. त्याचा व्यास सुमारे तीन मीटर होता. सुदैवाने कोणाला इजा झाली नाही. अमेरिकेतले खगोलशास्त्रज्ञ जोनाथन मॅकडॉवेल यांनी लगोलग सांगितले की, फेब्रुवारी 2021 मध्ये चीनने सोडलेल्या चँग झेंग 3बी या अग्निबाणाचा तिसरा टप्पा वातावरणात परतला असावा. वेळ आणि मार्ग दोन्ही जुळत होते. पुढे इस्रोचे शास्त्रज्ञही ते अवशेष पाहून गेले.

मग मेहुण्यांना ते शिवारापलीकडे पडल्यासारखे का वाटले? असे तुकडे साधारण ऐंशी किलोमीटर उंचीवर फुटतात. तेवढ्या उंचीवरचा उजेड शेकडो किलोमीटरवरून दिसतो आणि क्षितिजाकडे उतरताना ज्याला त्याला आपल्याच गावालगत पडल्याचा भास होतो. सिंदेवाही आमच्या मंचेरियलपासून सरळ रेषेत दीडशे किलोमीटरच्या आसपास आहे. आकाशाच्या हिशेबी हे अंतर काहीच नाही. उल्का आणि अग्निबाण यांतला फरक शाळकरी मुलालाही ओळखता येतो. उल्का बहुधा एकदोन सेकंदांत विझते. अग्निबाणाचे तुकडे तिच्या मानाने सावकाश आणि एकामागोमाग एक जातात, त्यामुळे ते मोजायलाही सवड मिळते.

आपल्याकडे असे पाहण्याची परंपरा नव्हती, असे कोणी समजू नये. सहाव्या शतकातल्या वराहमिहिराने बृहत्संहितेत संध्येचे रंग, दिग्दाह, उल्का आणि परिवेष यांना स्वतंत्र अध्याय दिले आहेत. परिवेष म्हणजे आपले शेतकरी ज्याला खळे म्हणतात तेच. उल्केचे तर त्याने धिष्ण्या, उल्का, अशनी, विद्युत् आणि तारा असे पाच प्रकार सांगितले आहेत. त्याने सांगितलेली शुभाशुभ फळे आज कोणी मानू नयेत. पण प्रकार पाडायचे तर आधी बारकाईने पाहावे लागते, हे विसरून चालणार नाही. पुढे आपण फळे तेवढी पाठ केली आणि पाहणे सोडून दिले.

सीमाभागात ही उणीव अधिक जाणवते. आपल्याकडची हकीकत तेलुगू पत्रात येते ती चंद्रपूरला कळत नाही, चंद्रपूरची मराठी पत्रात येते ती इथल्या मुलांना वाचता येत नाही. एकाच उजेडाचे अर्धे साक्षीदार अलीकडे, अर्धे पलीकडे. दोन्ही भाषा जाणणारा माणूसच ही टिपणे जोडू शकेल, आणि तो आपल्याच घरांत आहे.

आमच्या शाळेत यासाठी एक जाड वही ठेवली आहे. तिच्यात पाच रकाने आहेत: आपण कोठे उभे होतो, घड्याळात किती वाजले होते, उजेड कोणत्या दिशेकडून कोणत्या दिशेला गेला, किती सेकंद टिकला, रंग कोणता होता. उंची मोजायची झाल्यास हात लांब करून मूठ धरावी. एक मूठ म्हणजे सुमारे दहा अंश. 'ते काय असावे' हा रकाना मुद्दामच ठेवलेला नाही. तर्क मुलांनी मागच्या पानावर लिहावा, तेलुगूत लिहिला तरी चालेल. अशी एकेक वही सीमेच्या दोन्ही बाजूंच्या शाळांनी ठेवली, तर पुढच्या वेळी आकाश उजळेल तेव्हा अफवेच्या आधी आपल्या हाती दहा गावांच्या वेळा असतील.