खुलताबाद, एक बैल आणि चार लिप्या

लाँग वीकएंडला वेरूळ करून येणारी मंडळी खुलताबादेत साधारण दोनच ठिकाणी थांबतात. एक भद्रा मारुती आणि दुसरी औरंगजेबाची कबर (जी बघून प्रत्येकाचं वाक्य ठरलेलं: "अरे, एवढीशीच?"). मलिक अंबरच्या कबरीकडे फारसं कुणी वळत नाही. आज या गावाबद्दल लिहायचं आहे, पण राजे-बादशहांबद्दल नाही. अक्षरांबद्दल.

झालं असं की गेले काही महिने मी फावल्या वेळात लिप्यांच्या इतिहासावरची पुस्तकं वाचतोय. दिवसभर कोड लिहिणाऱ्या माणसाला हा विषय फार जवळचा वाटतो, कारण शेवटी लिपी म्हणजे एन्कोडिंगच. तर वाचताना लक्षात आलं, की जगातल्या बहुतेक वर्णमालांची जी वंशावळ पुस्तकात दोन पानांवर पसरलेली असते, तिच्या चार लांबलांबच्या फांद्या खुलताबाद आणि आसपासच्या दहा-बारा किलोमीटरमध्ये एकत्र येतात. वेरूळच्या लेण्यात ब्राह्मीची लेक, औरंगजेबाच्या दरबाराची फारसी, मलिक अंबरच्या जन्मभूमीची गीझ आणि अलीकडे देवगिरीच्या पायथ्याशी जिचा जन्म सांगतात ती मोडी. या सगळ्यांची पणजी बहुधा एकच आहे. ("बहुधा" का, ते पुढे येईलच.)

पणजीपासून सुरुवात करू. इजिप्तच्या सिनाई भागात सेराबित अल-खादिम नावाच्या ठिकाणी नीलमण्यासारख्या दिसणाऱ्या फिरोजा दगडाच्या खाणी होत्या. १९०५ साली फ्लिंडर्स पेट्रीला तिथं काही ओबडधोबड अक्षरं कोरलेली सापडली. दिसायला इजिप्तच्या चित्रलिपीसारखी, पण तशी वाचावी तर काहीच अर्थ लागेना. १९१६ मध्ये अ‍ॅलन गार्डिनरनं त्यातला एक शब्द लावला: "बआलत", म्हणजे देवी, मालकीण. भाषा इजिप्तची नव्हतीच, कनान भागातून आलेल्या लोकांची होती. काळ सुमारे ३,८०० वर्षांपूर्वीचा.

इजिप्शियन लेखनिकाला शेकडो चिन्हं पाठ करावी लागत. या लोकांनी काय केलं? आपण शाळेत "ब बदकातला" म्हणतो ना, त्याच्या नेमकं उलटं. बदकाचं चित्र काढायचं आणि ते बदक म्हणून वाचायचंच नाही, फक्त "ब" म्हणून वाचायचं. त्यांच्या भाषेत घराला "बेत", म्हणून घराचं चित्र म्हणजे ब. पाण्याला "मेम", म्हणून लाट म्हणजे म. बैलाला "अल्प", म्हणून बैलाचं डोकं म्हणजे घशातून निघणारा एक खटका. इंग्रजीतलं पहिलं कॅपिटल अक्षर उलटं धरून बघा, दोन शिंगं आणि निमुळतं तोंड अजून दिसतं. पंचवीस-तीस चिन्हांत काम झालं. ज्यांना इजिप्शियन लिहिता-वाचता येत नव्हतं अशा माणसांनीच हा शोध लावला असं एक मत आहे, आणि मला ते पटतं. ज्याला शेकडो चिन्हं येतात तो कशाला शॉर्टकट शोधेल? त्याचं तर पोट त्या अवघडपणावर चालतं.

या अक्षरांत स्वर नव्हते, फक्त व्यंजनं. त्या भाषांत धातू व्यंजनांचा असतो, त्यामुळे भागून जायचं. पुढे फिनिशियन लोकांनी ही संख्या २२ वर आणली आणि तिथून ही लिपी जिकडे गेली तिकडे प्रत्येकाला एकच प्रश्न पडला: स्वरांचं काय करायचं? ग्रीकांनी त्यांना न लागणाऱ्या व्यंजनांनाच स्वर करून टाकलं. बैलाचा "अल्फा" झाला तो तिथं.

अरबांनी तो प्रश्न बराचसा तसाच ठेवला. त्यांची लिपी अरामी लिपीच्या नबाती शाखेतून आली. पुढे फारसीनं त्यात प, च, ग आणि एक वेगळा झ असे चार तुकडे जोडले, तेही नवीन आकार न काढता. ज च्या पोटात एकाऐवजी तीन टिंबं म्हणजे च. क वर एक जास्तीची रेघ म्हणजे ग. उर्दूनं ट आणि ड साठी डोक्यावर छोटंसं चिन्ह बसवलं. आपण प्रॉडक्शनमधल्या जुन्या सिस्टिमला पॅच मारतो, अगदी तसंच. पण ऱ्हस्व स्वर एरवी लिहायचे नाहीत, ही सवय राहिलीच. म-ल-क अशी तीन अक्षरं लिहिली की ते "मलिक" (राजा), "मुल्क" (देश) किंवा "मलक" (देवदूत) यांतलं काहीही असू शकतं. संदर्भानं ओळखायचं. दरबारी पत्रात ते सहज जमतं. एखाद्या खेड्यातल्या अनोळखी माणसाच्या नावाचं काय होत असेल, ते लक्षात असू द्या, पुढे लागणार आहे.

आता हा "मलिक" ज्याच्या नावाआधी लागला, तो अंबर. इथिओपियात जन्मलेला, लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला, बगदादमार्गे दख्खनमध्ये पोचलेला आणि शेवटी निजामशाही एकहाती सांभाळणारा माणूस. १६२६ मध्ये वारला, कबर खुलताबादेत. त्याच्या जन्मभूमीत गीझ नावाची लिपी चर्चच्या पोथ्यांतून वापरात होती (त्याला स्वतःला ती येत असेल असं मला वाटत नाही). ही लिपी त्याच पणजीच्या दक्षिण अरबस्तानातल्या शाखेची. आणि गंमत बघा, चौथ्या शतकात, अक्सूमच्या एझाना राजाच्या सुमारास, तिथल्या लोकांनी स्वरांचा प्रश्न सोडवला तो ग्रीकांसारखा नाही तर आपल्यासारखा! व्यंजनालाच एक छोटी शेपटी किंवा कडी जोडायची, प्रत्येक अक्षराची सात रूपं. आपली बाराखडी, त्यांची सातखडी म्हणा ना. हे त्यांनी भारताकडून घेतलं का, यावर विद्वानांनी डोकं चालवलंय, पण ठोस पुरावा नाही.

आपण स्वतः हे केलं ते त्याआधी सहाशे वर्षं. अशोकाच्या लेखांत, म्हणजे इसवी सनापूर्वीच्या तिसऱ्या शतकात, ब्राह्मीच्या मात्रा व्यवस्थित जागेवर आहेत. आता तो "बहुधा". ब्राह्मी अरामीसारख्या एखाद्या लिपीवरून आली असं ब्यूलरनं १८९५ मध्ये मांडलं आणि त्यावर अजून भांडण चालू आहे. अरामी ही इराणी साम्राज्याच्या कारकुनांची लिपी होती आणि ते साम्राज्य गांधारपर्यंत आलं होतं. तिथली उजवीकडून डावीकडे लिहिली जाणारी खरोष्ठी अरामीवरूनच आली, यावर फारसं दुमत नाही. शाहबाजगढीच्या अशोकलेखात तर "लिपी" ऐवजी "दिपी" असा शब्द आहे आणि तो जुना इराणी शब्द आहे. म्हणजे "लिपी" हा शब्दसुद्धा आपल्याकडे बाहेरून आला असण्याची शक्यता दाट. दुसऱ्या बाजूला, कंठ्य, तालव्य, मूर्धन्य अशी ओठांपर्यंत येणारी आपली वर्णमाला जगात कुणाकडून उचललेली नाही. ती इथल्या उच्चारशास्त्राची कमाई. सिंधू संस्कृतीशी नातं जोडणारेही आहेत, पण ती लिपी वाचताच येत नाही तोवर काय बोलणार? माझं मत विचाराल तर कल्पना आणि काही आकार उसने, आणि त्याची मांडणी संपूर्ण इथली. त्यात कमीपणा वाटण्यासारखं काही नाही. बाकी सगळ्यांनी तेच केलंय.

ही मांडणी किती पक्की आहे ते युनिकोडमध्ये दिसतं. देवनागरी "क" च्या क्रमांकात १२८ मिळवा, बंगाली "क" येतो. आणखी १२८ मिळवा, गुरुमुखी. मग गुजराती, ओडिया, तमिळ, तेलुगू, कन्नड, मल्याळम, दर १२८ घरांवर एक "क". पहिल्यांदा हे तपासलं तेव्हा मी ऑफिसात चक्क मोठ्यानं हसलो होतो.

परत आपल्या भागात. शेजारच्या कन्नड तालुक्यात पितळखोऱ्याची लेणी आहेत. तिथल्या खांबांवर पैठणहून आलेल्या दात्यांचे लेख आहेत, आणि सापडलेल्या एका यक्षमूर्तीच्या हातावर मूर्ती करणाऱ्याची सही आहे: कान्हदास, सोनार. दोन हजार वर्षांपूर्वीचा कारागीर आपलं नाव लिहून ठेवतो! ना राजा, ना पुरोहित. नंतर आठव्या शतकात वेरूळच्या दशावतार लेण्यात (क्रमांक १५) दंतिदुर्गाचा लेख येतो, राष्ट्रकूटांची वंशावळ सांगणारा. तोवर ब्राह्मीचे आकार एवढे बदललेत की कान्हदासला तो वाचता आला नसता.

आणि मग लोक ब्राह्मी चक्क विसरले. चौदाव्या शतकात फिरोजशहा तुघलकानं अशोकाचे स्तंभ दिल्लीत आणून उभे केले, तेव्हा त्यावर काय लिहिलंय ते सांगणारा कुणी मिळाला नाही. १८३७ मध्ये जेम्स प्रिन्सेपला कळलं की सांचीच्या अनेक छोट्या लेखांच्या शेवटी तीच दोन अक्षरं येतात, ती "दानं" असणार, आणि तिथून कुलूप उघडलं.

विसरायला हजार वर्षं लागतात असं मात्र समजू नका. मोडीला पन्नास पुरली.

मोडी यादवांच्या हेमाद्रीनं, म्हणजे हेमाडपंतानं, आणली असं परंपरा सांगते. (त्यानं ती लंकेहून आणली अशीही एक कथा आहे, ती सोडून देऊ.) कुणी का आणली असेना, हेतू स्पष्ट आहे: वेग. आधी कागदभर आडवी रेघ मारून घ्यायची आणि बोरू शक्यतो न उचलता अक्षरं लटकवत जायचं. ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही, शब्दांमध्ये जागा नाही, विरामचिन्हं नाहीत. राज्यकर्ते बदलले, वरची भाषा फारसी झाली, पण गावपातळीचा हिशेब मराठीत आणि मोडीतच राहिला. शिवकाळ, पेशवाई, सगळं मोडीत. इकडे मराठवाड्यात निजामाची राजभाषा १८८४ मध्ये फारसीऐवजी उर्दू झाली. त्यामुळे एकाच तालुक्याच्या दप्तरात उर्दूचे कागद आणि मोडीचे कागद शेजारी शेजारी.

छापखान्याला बाळबोध सोयीची होती. पुस्तकं, वर्तमानपत्रं तिकडे गेली. १७ सप्टेंबर १९४८ ला मराठवाडा मुक्त झाला आणि सरकारी उर्दू मागे पडत गेली. १९५० च्या सुमारास मोडीही शाळांतून गेली. तिच्यात दोष होता म्हणून नव्हे. कचेरीनं फॉर्मॅट बदलला, बस्स.

बिल कधी आलं? २०२३ च्या सप्टेंबरमध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली, मराठवाड्यातल्या निजामकालीन कागदांत कुणबी नोंदी शोधायला. महसुली दप्तरं, जन्म-मृत्यूची रजिस्टरं, शाळांच्या प्रवेश-निर्गम नोंदी बाहेर निघाल्या आणि एकदम मोडी वाचणाऱ्यांची आणि उर्दू-फारसी वाचणाऱ्यांची शोधाशोध सुरू झाली. आरक्षणाबद्दल तुमचं-माझं मत काहीही असो. एका घरातल्या मुलाचा दाखला त्याच्या खापरपणजोबांच्या नावापुढचा एक शब्द लागतो का, यावर आला. ऱ्हस्व-दीर्घ न पाळणारी लिपी, स्वर गाळणारी दुसरी लिपी, आणि लिहिणारा कारकून घाईत.

तंत्रज्ञानाचं म्हणाल, तर मोडी युनिकोडमध्ये आली २०१४ साली, ७९ चिन्हं घेऊन. देवनागरी "अ" चा क्रमांक २,३०९ आहे, मोडी "अ" चा ७१,१६८. आता मोडी टाइप करता येते. पण आपल्याला टाइप करायची नसतेच, वाचायची असते, आणि दर गावच्या कुलकर्ण्याचं वळण वेगळं. पुराभिलेख विभागाचे मोडीचे वर्ग असतात, तिथं शिकून तयार झालेले डोळे अजून तरी जास्त भरवशाचे.

आमच्या घरीही असा एक कागद आहे, जमिनीच्या वाटणीचा, घड्यांवर फाटलेला. आत्तापर्यंत पहिल्या दोन ओळी लावल्यात. "मौजे" लागलं, गावाचं नाव लागलं. तिसऱ्या ओळीत वाटा ज्याच्या नावे लिहिलाय ते माझे पणजोबा की त्यांचे धाकटे भाऊ, हे एका अक्षराच्या शेपटीवर अडलंय. ती डावीकडे वळली असेल तर एकाचं नाव होतं, उजवीकडे वळली असेल तर दुसऱ्याचं, आणि नेमकी तिथंच कागदाची घडी आहे.