पटकथाकार ग. दि. माडगूळकर : एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना :
गजानन दिगंबर माडगूळकर (१९१९–१९७७) यांची महाराष्ट्राला ओळख आहे ती मुख्यतः ‘गीतरामायणा’चे कवी म्हणून. १९७३ साली यवतमाळ येथे भरलेल्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपदही त्यांनी भूषविले. या कवीकीर्तीच्या छायेत त्यांचे पटकथालेखन मात्र झाकोळले गेले. प्रस्तुत लेखात त्या कार्याचे स्वतंत्र मूल्य तपासले आहे.

जडणघडण :
आजच्या सांगली जिल्ह्यातील आटपाडी तालुक्यात, शेटफळे येथे जन्मलेल्या माडगूळकरांचे शिक्षण मॅट्रिकपुढे गेले नाही. १९३८ च्या ‘ब्रह्मचारी’ चित्रपटातील एका लहानशा भूमिकेने त्यांचा चित्रसृष्टीत प्रवेश झाला. शाहीर रामजोशींच्या जीवनावरील ‘रामजोशी’ (१९४७) या चित्रपटाने लेखक व गीतकार म्हणून त्यांचे नाव सर्वतोमुखी केले. पुढे दिग्दर्शक राजा परांजपे आणि संगीतकार सुधीर फडके यांच्या सहकार्याने ‘लाखाची गोष्ट’ (१९५२), ‘ऊन पाऊस’ (१९५४), ‘जगाच्या पाठीवर’ (१९६०) असे चित्रपट निर्माण झाले. मराठी मध्यमवर्गाचे सुखदुःख व विनोद हाच त्यांचा गाभा होता.

‘दो आँखें बारह हाथ’ :
व्ही. शांताराम यांच्या या १९५७ च्या हिंदी चित्रपटाचे कथालेखन माडगूळकरांचे, तर गीते भरत व्यास यांची होती. त्यामुळे कवी बाजूला ठेवून कथाकाराचे सामर्थ्य पारखण्याची संधी येथे मिळते. एक तुरुंगाधिकारी खुनाच्या सहा कैद्यांना घेऊन ओसाड जमीन पिकवतो, हे कथासूत्र सर्वस्वी कल्पित नव्हते. औंध संस्थानात आटपाडीजवळ १९३९ साली स्वतंत्रपूर ही कैद्यांची मुक्त वसाहत सुरू झाली होती. म्हणजेच लेखकाच्या स्वतःच्या माणदेशातील प्रयोगाला त्याने पडद्यावर आणले. चित्रपटास राष्ट्रपती सुवर्णपदक, तसेच १९५८ च्या बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल हे पारितोषिक लाभले.

निष्कर्ष :
दुष्काळी मुलुखातील एका सामाजिक प्रयोगाला जगापुढे नेणारी ही कथा गीतांच्या आधाराविना उभी राहते. गीतकाराचे नाव श्रोत्यांच्या ओठी राहते; कथाकाराचे नाव श्रेयनामावलीबरोबर विस्मरणात जाते. चित्रपटाच्या इतिहासलेखनात माडगूळकरांच्या पटकथांना साहित्याचा दर्जा देऊन त्यांचा अभ्यास होणे म्हणूनच अगत्याचे आहे.