चषक फिरता, गदा घरची

कुस्तीत मिळालेली गदा पैलवान खांद्यावर टाकून घरी नेतो. फुटबॉलमध्ये जिंकलेला चषक मात्र मेस्सी असो नाहीतर रोनाल्डो, कुणालाच घरी नेता येत नाही. मैदानात उचलायचा, त्याचा मुका घ्यायचा, बसच्या टपावरून गावाला दाखवायचा आणि क्लबच्या कपाटात ठेवून यायचं. खेळाडूच्या वाट्याला एक पदक. मावळात बार्सिलोनाची जर्सी घालून फिरणारी पोरं गावच्या यात्रेत कुस्त्यांच्या फडालाही बसतात. दोन्हीकडे चांदी चमकते, पण या दोन चांद्यांचं कुळ वेगळं. एकीचं मूळ इंग्रजांच्या पब्लिक स्कूलांत सापडतं, दुसरीचं तालमीतल्या मारुतीपाशी आणि थोडंसं राजदरबारात.

आधी चषकाचं पाहू. १८७१ मध्ये चार्ल्स अल्कॉक या इंग्लिश फुटबॉल संघटनेच्या चिटणिसाने सर्व संघांसाठी एक बाद पद्धतीची स्पर्धा सुचवली. हॅरो शाळेत असताना तिथल्या वसतिगृहांमध्ये त्याने तसे सामने पाहिले होते. वीस पौंडांच्या आसपास खर्चून एक लहानसा चांदीचा चषक घडवला गेला. तो एकच असल्यामुळे नियम आपोआप ठरला, की वर्षभर सांभाळा आणि परत करा. आपल्या शाळा-कॉलेजांत आजही चालणारा फिरता चषक म्हणजे या नियमाचाच वारस. पण उसनी वस्तू जपणं सगळ्यांना जमतं असं नाही. १८९५ मध्ये ॲस्टन व्हिला संघाने तो चषक बर्मिंगहॅममधल्या एका बुटांच्या दुकानात मांडायला दिला आणि एका रात्री तो चोरीला गेला. तो पुन्हा मिळालाच नाही. क्लबला पंचवीस पौंड दंड झाला, म्हणजे चषकाच्या किमतीहून थोडा जास्तच.

गोऱ्या पलटणींनी हा रिवाज आपल्याकडे आणला. १८८८ मध्ये सिमल्याला ड्युरँड चषक सुरू झाला. अफगाण सीमेवर ज्याच्या नावाची रेषा आहे, तोच हा मॉर्टिमर ड्युरँड. तिथे आणखी एक पोटनियम होता, सलग तीनदा जिंकाल तर चषक तुमचा. हायलँड लाइट इन्फंट्रीने १८९३ ते ९५ अशी तीन वर्षं जिंकून पहिला चषक कायमचा नेला. दुसरा करून दिला, तर तो १८९७ ते ९९ मध्ये ब्लॅक वॉच पलटणीने नेला. साहेबाला पदरचा तिसरा चषक द्यावा लागला. उदारपणाचा नियम करताना कुणी खरंच तीनदा जिंकेल हे बहुधा त्याच्या ध्यानात आलं नसावं. १८९१ मध्ये मुंबईत रोव्हर्स चषक सुरू झाला, तोही पहिल्यांदा वूस्टरशर रेजिमेंटने म्हणजे पलटणीनेच जिंकला. पुढे १९५० ते ५४ अशी सलग पाच वर्षं तो हैदराबाद सिटी पोलिसांनी कुणाला हात लावू दिला नाही. मुंबईचं कूपरेज मैदान त्या काळात काय गाजत असेल!

स्पेनमध्ये चषक आला तो राजाच्या निमित्ताने. १९०२ मध्ये तेरावा आल्फॉन्सो सोळा वर्षांचा होऊन गादीवर बसला, त्या सोहळ्यात माद्रिद क्लबच्या कार्लोस पाद्रोसने एक फुटबॉल स्पर्धा भरवली. ती जिंकली व्हिस्काया नावाच्या संघाने. हा संघ म्हणजे बिल्बाओ शहरातल्या दोन क्लबांनी एकत्र येऊन केलेली जोड. पुढच्या वर्षापासून राजाच्या नावाचा रीतसर चषक सुरू झाला आणि तिथूनच एक वाद सुरू झाला, तो आजतागायत मिटलेला नाही. १९०२ चा चषक त्या दोन क्लबांपैकी ॲथलेटिक क्लबच्या संग्रहालयात आहे आणि क्लब तो आपल्या विजयांत धरतो. महासंघ धरत नाही. म्हणून महासंघाच्या हिशेबाने ॲथलेटिकचे चषक चोवीस, क्लबच्या हिशेबाने पंचवीस. आपल्याकडच्या फडात पाठ टेकली की नाही यावरून जे रामायण होतं, त्याच जातीचं हे भांडण. फक्त त्याला आता सव्वाशे वर्षं होत आली.

चषकाचं नावही सत्तेच्या मागे फिरत गेलं. राजा गेला तेव्हा तो प्रजासत्ताकाच्या अध्यक्षांचा चषक झाला. यादवी युद्धानंतर फ्रँकोच्या काळात सरसेनापतींचा झाला. फ्रँको गेल्यावर १९७६-७७ च्या हंगामात पुन्हा राजाचा. बार्सिलोना आणि बिल्बाओच्या लोकांना या मधल्या नावाचा किती राग असेल, याची कल्पना कॅटलान आणि बास्क भाषांवर त्या काळात काय वेळ आली हे वाचलेल्या कुणालाही येईल. पण म्हणून त्या वर्षांतले चषक कुणी परत केले नाहीत. बार्सिलोनाच्या नावावर आज हा चषक बत्तीस वेळा आहे आणि त्यात तीही वर्षं मोजलेली आहेत.

युरोपच्या चषकाची गोष्ट तर थेट रेआल माद्रिदच्या घरातच घडली. 'लेकिप' या फ्रेंच वृत्तपत्राच्या कल्पनेतून १९५५-५६ मध्ये ही स्पर्धा सुरू झाली आणि पहिली पाचही वर्षं ती माद्रिदनेच जिंकली. १९६६ मध्ये सहाव्यांदा जिंकल्यावर मूळ चषक त्यांना कायमचा देऊन टाकला आणि बर्नच्या एका सोनाराकडून नवा घडवून घेतला. मोठ्या कानांचा, साडेसात किलोचा. आपण टीव्हीवर पाहतो तो हाच घाट. त्यानंतर नियम असा झाला, सलग तीनदा किंवा एकूण पाचदा जिंका आणि मूळ चषक घेऊन जा. २००९ च्या सुमाराला तो नियम काढून टाकला आणि बार्सिलोनाने पाचवा विजय मिळवला २०१५ मध्ये! सहा-सात वर्षांनी चुकलं. मूळ चषक युरोपीय महासंघाकडेच राहिला, क्लबच्या कपाटात आली प्रतिकृती. माद्रिदचे आता पंधरा झालेत, पण त्यांनाही घरात अस्सल म्हणावा असा तो पहिलाच. सेव्हिया क्लबने युरोपातली दुसऱ्या दर्जाची स्पर्धा सात वेळा जिंकली, तो बिनकानांचा चषक पंधरा किलोचा.

उसन्या वस्तूची हेळसांड कशी होते याचा एक नमुना सांगितल्याशिवाय राहवत नाही. एप्रिल २०११ मध्ये माद्रिदने राजाचा चषक जिंकला. पहाटे मिरवणुकीत सर्जिओ रामोस बसच्या टपावर उभा होता. त्याच्या हातातून तो निसटला आणि त्याच बसच्या चाकाखाली आला. क्लबच्या कपाटात मग दुसरा ठेवावा लागला.

आता घाट चढून अलीकडे येऊ. मावळच्या कुस्तीला राजाचा चषक कधी नव्हता. तिचं अर्थकारण गावच्या वर्गणीवर चाललं. चैत्र-वैशाखात यात्रा लागल्या की वडगावला पोटोबा महाराजांच्या, तळेगावात डोळसनाथाच्या नावाने कुस्त्यांचा हगामा भरतो. हलगी सुरू झाली की आधी लहान पोरांच्या रेवड्यांच्या कुस्त्या लागतात. मग नारळाच्या, मग रोख इनामाच्या आणि शेवटी मानाची. जिंकलेल्याला फेटा, इनाम, जमलं तर चांदीचं कडं. प्रेक्षकांतूनच कुणीतरी उठून खिशातली नोट पैलवानाच्या हातात देतो आणि त्याचं नाव भोंग्यावरून पुकारलं जातं. यातलं काहीही पुढच्या वर्षी परत मागायचं नसतं. नारळ तर त्याच दिवशी फुटतो. आखाड्यातलं बक्षीस जिंकणाऱ्याच्या मालकीचं, ही समजूत इतकी घट्ट आहे, की चांदीची गदा आली तेव्हाही ती फिरती ठेवावी असं कुणाला सुचलं नसावं.

या गदेला दोन घराणी आहेत, असं मला वाटतं. एक उघडच आहे. तालमीच्या कोपऱ्यात शेंदूर लावलेला मारुती आणि त्याच्यासमोर व्यायामासाठी फिरवायची लाकडी किंवा दगडी गदा. ही कामाची वस्तू, ती कुणी बक्षीस म्हणून देत नसे. दुसरं घराणं दरबारी. मोगलांच्या दरबारात चांदीचे गुर्ज, म्हणजे गदाच, घेऊन चालणारे गुर्जबरदार असत आणि तो गुर्ज म्हणजे अधिकाराची खूण. संस्थानिकांनी पैलवान पाळले, तेव्हा पैलवानाच्या मानालाही चांदीचा गुर्ज आला. गामा पैलवानाला १९२२ मध्ये वेल्सच्या राजपुत्राने चांदीची गदा दिली. हा तोच राजपुत्र, ज्याच्या हस्ते आदल्याच वर्षी पुण्यात शिवस्मारकाची कोनशिला बसवली गेली. १९२८ मध्ये पतियाळाला गामाने पोलंडच्या झ्बिस्कोला मिनिटभराच्या आत लोळवलं आणि महाराजांनी आणखी एक गदा दिली. तालमीतल्या मारुतीचा आकार आणि दरबारची चांदी यांची गाठ अशा प्रसंगांतून पडली. संस्थानं गेली, गदा राहिली. १९५० च्या दशकात 'हिंद केसरी' किताब सुरू झाला आणि १९५९ मध्ये श्रीपती खंचनाळे तो महाराष्ट्रात घेऊन आले, तोवर किताब म्हणजे गदा हे समीकरण लोकांच्या डोळ्यांत बसलेलं होतं.

मावळाशी तिचं नातं जुळतं ते मुठा गावातून. हे गाव आज मुळशी तालुक्यात आहे, पण जुन्या बारा मावळांत पवन, आंदर आणि नाणे मावळाच्या बरोबरीने मुठे खोऱ्याचंही नाव येतं. तिथले मामासाहेब मोहोळ यांनी १९५३ मध्ये महाराष्ट्र राज्य कुस्तीगीर परिषद उभी केली. १९६१ मध्ये औरंगाबादच्या अधिवेशनापासून 'महाराष्ट्र केसरी' हा किताब सुरू झाला आणि पहिला मान दिनकर दह्यारी यांना मिळाला. अधिवेशन दरवर्षी नव्या गावी. १९८० मध्ये ते लोणावळ्याच्या घाटाखाली खोपोलीला झालं, तिथे इस्माईल शेख जिंकले. मामासाहेबांच्या पश्चात, १९८० च्या दशकाच्या सुरुवातीपासून, मोहोळ कुटुंबाकडून त्यांच्या स्मरणार्थ विजेत्याला चांदीची गदा दिली जाऊ लागली. पुण्यातले कारागीर ती घडवतात. आत सागवानी लाकूड, वर नक्षीकाम केलेला चांदीचा पत्रा, त्यावर हनुमानाची आणि मामासाहेबांची प्रतिमा. वजन दहा-बारा किलो, म्हणजे युरोपच्या मोठ्या कानांच्या चषकाहून जड. दमलेल्या पैलवानाने ती एका हाताने खांद्यावर टाकायची असते.

दरवर्षी नवी गदा आणि ती कायमची विजेत्याची. त्यामुळे सलग तीनदा जिंकण्याचं कौतुक इथेही होतं, पण वेगळ्या पद्धतीने. नरसिंग यादवने २०११ पासून आणि विजय चौधरीने २०१४ पासून अशी प्रत्येकी तीन वर्षं सलग किताब राखला. फुटबॉलच्या नियमाने त्यांना मूळ चषक मिळाला असता. इथे तीन गदा आधीच घरात होत्या, म्हणून शासनाने दोघांनाही पोलीस उपअधीक्षक केलं. पैलवानाच्या घरच्यांना विचारलं तर या नियमात ड्युरँड साहेबापेक्षा जास्त शहाणपण आहे असंच ते म्हणतील. २०२५ मध्ये अहिल्यानगरला अंतिम कुस्ती पंचांच्या निर्णयावरून पेटली, त्या वर्षीची गदा मुळशीच्या पृथ्वीराज मोहोळने नेली.

जिंकलेली वस्तू आधी देवापुढे ठेवायची, ही रीत मात्र दोन्हीकडे सारखी आहे. गदा तालमीतल्या मारुतीच्या आणि गावच्या भैरवनाथाच्या पायरीला लागते. माद्रिदचे खेळाडू चषक घेऊन आल्मुदेनाच्या मातेकडे जातात, बिल्बाओचे बेगोन्याच्या. एप्रिल २०२४ मध्ये ॲथलेटिकने चाळीस वर्षांनी राजाचा चषक जिंकला, तेव्हा जुन्या पद्धतीप्रमाणे संघाला पडावात बसवून नदीतून शहरात आणलं आणि दोन्ही काठांवर लाखोंनी माणूस लोटला. हा क्लब आपल्या बास्क मुलखातलीच पोरं खेळवतो, बाहेरचा खेळाडू विकत घेत नाही. एवढ्या मोठ्या फुटबॉलच्या बाजारात हट्टाने गावची तालीम चालवल्यासारखंच हे आहे. त्यांनी अर्ध्या जगाचे खेळाडू आणले असते, तर चषक जास्त आले असते. नदीकाठी तेवढी माणसं आली असती का, याची मला शंका आहे.

अलीकडे गदेने आखाड्याचं कुंपण ओलांडलंय. मावळच्या बैलगाडा शर्यतींच्या घाटांत आता 'घाटाचा राजा' ठरलेल्या गाड्याला चांदीची गदा देतात. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने शर्यती थांबल्या होत्या, डिसेंबर २०२१ मध्ये परवानगी मिळाली आणि मे २०२३ मध्ये घटनापीठाने शर्यतींना मुभा देणारा कायदा मान्य केला. बंदी उठल्यावर बक्षिसांना ऊत आला. २०२२ मध्ये शेजारच्या चिखलीच्या घाटात जेसीबी होता, बोलेरो होती, मोटारसायकली तर कितीतरी. तरी फ्लेक्सवर मधोमध छापलेली असते ती गदाच. नाणोलीच्या घाटात घड्याळ सेकंदाच्या बारीक भागांत वेळ दाखवतं, निवेदक 'भिर्रर्र' म्हणून ओरडतो, पुढे घोडी आणि मागे चार बैल. पण हे चार बैल पुष्कळदा दोन-तीन मालकांचे असतात, गाडा एकत्र जुंपलेला. रोख रक्कम वाटून घेता येते, जेसीबी विकता येतो. गदा एकच आणि तिचे तुकडे होत नाहीत. ती कुणाच्या ओटीवर किती महिने राहायची, हे मालकांनी आपसांत ठरवायचं असतं.