मिरवणूक अडवावी की दगड मारणारा हात? : १८८२ सालचा एक खटला आणि मुंबई

धार्मिक मिरवणुकीवर दगड पडण्याची भीती असेल, तर राज्यसंस्थेने मिरवणूक थांबवावी की दगड मारणाऱ्याला? ज्या निकालाने या प्रश्नाला गाजलेले उत्तर दिले, तो इंग्लंडमधील एका समुद्रकाठच्या छोट्या शहरातून उद्भवला.

शहराचे नाव वेस्टन-सुपर-मेअर. विल्यम बूथ यांच्या साल्व्हेशन आर्मीचे, म्हणजेच मुक्तिफौजेचे अनुयायी तेथे निशाणे घेऊन, वाद्ये वाजवीत, भजने गात रस्त्यांतून फिरत. त्यांना उधळून लावण्यासाठी विरोधकांनी ‘स्केलेटन आर्मी’ उभारली. सांगाड्यांची फौज! नाव थट्टेचे असले, तरी दगडफेक आणि मारहाण खरी होती. मार्च १८८२ मध्ये मोठी दंगल झाली आणि दंडाधिकाऱ्यांनी मिरवणुकांवरच बंदीची सूचना लावली. रविवार, २६ मार्च रोजी कॅप्टन बीटी यांनी तरीही मिरवणूक काढली. पोलिसांनी परत फिरण्यास सांगितले. ते फिरले नाहीत, म्हणून अटक झाली. दंगा करणारे दुसरेच होते, पण शांततेची हमी बीटी व त्यांच्या सहकाऱ्यांकडून मागण्यात आली.

जूनमध्ये न्यायमूर्ती फील्ड व केव्ह यांनी हा आदेश रद्द केला. कायदेशीर कृत्य करणारा मनुष्य, त्यामुळे दुसरा कोणी बेकायदा वागेल हे त्यास ठाऊक असले तरी, दोषी ठरत नाही, असा त्यांचा आशय होता.

त्याच वर्षी सप्टेंबरात मुक्तिफौजेची चार माणसे मुंबईत उतरली. त्यांचे नेते फ्रेडरिक टकर हे सनदी नोकरीचा राजीनामा दिलेले अधिकारी. येथे मात्र पोलीस आयुक्त सर फ्रँक सूटर यांनी वाद्यांसह मिरवणुकीस मनाई केली. मनाई मोडताच अटका झाल्या, पुढे टकर यांना तुरुंगवासही घडला. लंडनच्या निकालाची शाई वाळून जेमतेम तीन महिने झाले होते. पण दुसऱ्या धर्माचे लोक चिडतील ही धास्ती मुंबई सरकारला अधिक वजनदार वाटली. ब्राह्मो समाजाचे केशवचंद्र सेन यांनी या दडपशाहीचा निषेध केला, ही गोष्ट विशेष लक्षणीय. ख्रिस्ती सरकार ख्रिस्ती प्रचारकांना अडवीत होते आणि त्यांच्या बाजूने एक हिंदी धर्मसुधारक बोलत होता.

हिंदुस्थानात या प्रश्नाची खोल चिकित्सा झाली ती मद्रासेत. सेलम येथे मशिदीवरून वाद्ये वाजवीत मिरवणूक नेण्यावरून वाद होता. १८८३ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने म्हटले की, दंडाधिकाऱ्याने आपला अधिकार हक्क स्थगित करण्यापेक्षा हक्कांच्या रक्षणासाठी वापरावा. दंगा कोण करणार हे त्यास बहुधा ठाऊकच असते, तेव्हा जामीन त्यांच्याकडून घ्यावा. मात्र पोलीसबळ खरोखरच अपुरे असेल, तर जीवितरक्षणासाठी हक्क तात्पुरता थांबविण्याची मुभा न्यायालयाने ठेवली. बळ अपुरे आहे की नाही, हे ठरविणार तोच दंडाधिकारी! पुढे १९२४ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने संयुक्त प्रांतातील औरंगाबादच्या (मराठवाड्यातील नव्हे) शिया मिरवणुकीचा हक्क मान्य केला, तोही दंडाधिकाऱ्याच्या आदेशांच्या अधीन राहूनच.