उजव्या कोपऱ्यातली चौकट



सहली आणि स्नेहसंमेलनांवर लिहिणारे या स्मरणिकेत पुष्कळ असतील. मी टेक्निकलच्या वर्गातल्या एका चौकटीबद्दल लिहितो: ड्रॉइंग शीटच्या उजव्या खालच्या कोपऱ्यातला, 185 मिलिमीटर लांब आणि 65 मिलिमीटर उंच टायटल ब्लॉक. ड्रॉइंगचे सर आधी तोच बघत. तिथली अक्षरं वाकडी असली की आतल्या प्रोजेक्शनकडे ढुंकूनही बघत नसत. आपल्याला तेव्हा तो छळ वाटे. पुढे मी ड्राफ्ट्समन झालो आणि या चौकटीचा इतिहास कळत गेला.

बर्मिंगहॅमच्या ग्रंथालयात बोल्टन आणि वॉट यांच्या वाफेच्या इंजिनांची हजारो ड्रॉइंग्ज जपलेली आहेत. ती दूरच्या खाणींवर जात, पण इंजिन उभारणारा माणूसही तिथे असे. कॉर्नवॉलमध्ये हे काम विल्यम मर्डॉक बघायचा. अडलं तर त्याला विचारायचं. कागदाने सगळं सांगायची गरज नव्हती.

मग ब्ल्यूप्रिंट आली. जॉन हर्शेलने 1842 मध्ये शोधलेली ही निळ्या छपाईची पद्धत काही दशकांनी कारखान्यांत रुळली. एका ट्रेसिंगवरून हव्या तितक्या प्रती निघू लागल्या आणि कागद एकटाच प्रवासाला निघाला. आता विचारायला माणूस नाही, म्हणून प्रत्येक संभाव्य प्रश्नासाठी कोपऱ्यात एक रकाना आला. नाव काय, नंबर काय, स्केल कोणतं, धातू कोणता. कोणी काढलं, कोणी ट्रेस केलं, कोणी तपासलं, कोणी मंजूर केलं. स्कॉटलंडमध्ये क्लाइडकाठच्या जहाज कारखान्यांत ट्रेसिंगचं काम मुली करत. त्यांच्या हाताची खूण आज कुठे उरली असेल, तर अशा रकान्यातल्या दोन आद्याक्षरांत.

आपल्याकडे इंडियन स्टँडर्ड्स इन्स्टिट्यूशन 1947 मध्ये स्थापन झालं आणि ड्रॉइंगचं मानक, आय.एस. 696, 1955 मध्ये निघालं. त्यात थर्ड अँगलची शिफारस होती. 1988 मध्ये खास शाळा-कॉलेजांसाठी एस.पी. 46 निघालं. त्यात फर्स्ट अँगल आला, आणि आपली 185 बाय 65 ची चौकटही त्यातलीच. म्हणजे आपल्या आधीच्या पिढीची शीट आणि आपली शीट यांत बाजूची दृश्यं उलट जागी! ब्लॉकमधलं छाटलेल्या शंकूचं चिन्ह सर विसरू देत नसत ते यासाठी. ते नसलं तर डावीकडचं भोक उजवीकडे पडू शकतं, आणि पडलेलं भोक खोडरबराने पुसता येत नाही.

एका कारखान्यात (नाव नको) मी नोकरीला होतो. तिथे चाळीस ब्रॅकेट रद्दीत गेले आणि मशीनवरच्या पोराचा पगार कापायचं ठरलं. त्याच्याकडची अमोनिया प्रिंट घेऊन मी साहेबांच्या टेबलावर उलगडली. तिच्या रिव्हिजनच्या रकान्यात ‘ए’ होतं. ऑफिसातल्या मूळ ट्रेसिंगवर तीन आठवड्यांपूर्वीचं ‘बी’. पोराने हातातल्या कागदाप्रमाणेच काम केलं होतं. सुधारलेली प्रत खाली कोणी पोचवलीच नव्हती. पगार वाचला. त्या एका अक्षराखेरीज त्याच्या बाजूने बोलणारं तिथे कोणी नव्हतं.

आता चौकट आखावी लागत नाही, कॉम्प्युटर तयार देतो. 2004 च्या आंतरराष्ट्रीय मानकात, आय.एस.ओ. 7200 मध्ये, तिची रुंदी 180 मिलिमीटर आहे. ए-फोर कागदाच्या 210 मधून डावीकडचे 20 आणि उजवीकडचे 10 वजा करा, बरोबर तेवढीच उरते. हिशेब सुरेख आहे. पण सक्तीच्या नोंदींत काढणारा आहे, मंजूर करणारा आहे, तपासणारा मात्र नाही. मला हे पटत नाही. काढणाऱ्याला स्वतःची चूक दिसत नाही आणि मंजूर करणाऱ्याला वेळ नसतो. काही ऑफिसांत तपासणाऱ्याचा रकाना ठेवतात, पण जुनी फाइल कॉपी करून नवं ड्रॉइंग काढताना नाव तसंच राहतं. निवृत्त होऊन दोन वर्षं झालेल्या आमच्या एका सहकाऱ्याने अशी कितीतरी ड्रॉइंग्ज ‘तपासलेली’ मी पाहिली आहेत.