कात्री, काळा पडदा आणि फाळके दाम्पत्य

धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके (१८७०-१९४४) यांना भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक म्हटले जाते. मात्र, या बिरुदामागे त्यांच्यातील संकलक आणि दृश्यचमत्कारांचा कारागीर काहीसा झाकला गेला. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई तर त्याहूनही अधिक.

त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या फाळके यांनी मुंबईचे जे. जे. कला विद्यालय व बडोद्याचे कलाभवन येथे शिक्षण घेतले. छायाचित्रण, छपाई आणि जादूचे प्रयोग हे सारे त्यांनी हाताळले होते. १९१२ मध्ये लंडनहून त्यांनी विल्यमसन कॅमेरा आणि फितीला छिद्रे पाडण्याचे यंत्र आणले. भांडवलदारांची खात्री पटावी म्हणून कुंडीतील वाटाण्याच्या रोपाचे दिवसेंदिवस थोडे थोडे चित्रण करून त्यांनी 'अंकुराची वाढ' हा लघुपट तयार केला. आज याच तंत्राला 'टाइम-लॅप्स' म्हणतात!

'राजा हरिश्चंद्र' (१९१३), 'लंकादहन' (१९१७), 'श्रीकृष्णजन्म' (१९१८) व 'कालिया मर्दन' (१९१९) यांतील देव प्रकटतात, अदृश्य होतात, आकाशातून जातात. 'श्रीकृष्णजन्म'मध्ये तर कंसाचे शिर धडावेगळे होऊन वर जाते. त्या काळी असे चमत्कार प्रामुख्याने कॅमेऱ्यातच घडविले जात. कॅमेरा थांबवायचा, नटाला बाजूला करायचे, पुन्हा चित्रण सुरू करायचे. मग बिघडलेल्या चौकटी कापून सांधा जुळवायचा. दुसरी युक्ती दुहेरी चित्रणाची. काळ्या पडद्यासमोर एक भाग टिपून, फीत मागे गुंडाळून, तिच्यावरच दुसरा भाग टिपायचा. मोजणी एका चौकटीने चुकली तरी देव अडखळलाच. थोडक्यात, संकलन आणि चमत्कार ही तेव्हा दोन खाती नव्हती.

कोरी फीत छिद्रांविना येत असे. ती अंधारात यंत्रावर छिद्रित करणे, रसायने कालविणे, फीत धुणे ही कामे सरस्वतीबाई करीत. दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच. चित्रपटासाठी दागिने गहाण पडले तेही त्यांचेच. पतीकडून शिकून त्या चित्रफीत जोडू लागल्या. म्हणूनच त्यांना भारतातील पहिल्या चित्रपट-संकलक मानले जाते. पडद्यामागच्या या श्रमांची दखल मात्र फार उशिरा घेतली गेली, असे खेदाने म्हणावे लागते.

फाळके यांचे बहुतेक चित्रपट आज उपलब्ध नाहीत; काहींचे केवळ तुकडे उरले आहेत. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केलेला 'कालिया मर्दन' त्यामानाने बराचसा सलग पाहता येतो. फाळके यांची कन्या मंदाकिनी त्यात बाळकृष्ण झाली आहे. पडद्यावरील सांध्यांपैकी कोणता आईच्या हातचा आणि कोणता वडिलांच्या, हे ओळखणे आता शक्य नाही.