सर्पदंशाची ओळख आणि तातडीचे उपचार : सौंदड परिसराच्या संदर्भात एक ऐतिहासिक आढावा

प्रस्तावना :
गोंदिया जिल्ह्यातील सडक अर्जुनी तालुक्यातील सौंदड हे गाव गोंदिया–बल्लारशा रेल्वेमार्गावर व राष्ट्रीय महामार्गालगत वसलेले आहे. धानाच्या बांध्या आणि जंगल ही या परिसराची ओळख होय. अशा प्रदेशात पावसाळ्यातील सर्पदंश ही जिवावर बेतणारी आपत्ती ठरते. सर्पदंशावरील औषध शंभर वर्षांहून अधिक जुने असूनही मृत्यू का थांबले नाहीत, या प्रश्नाचा विचार प्रस्तुत लेखात ऐतिहासिक दृष्टीने केला आहे.

औषधाचा शोध :
एकोणिसाव्या शतकात ब्रिटिश वैद्यकीय अधिकारी जोसेफ फेरर यांनी भारतातील विषारी सापांचा अभ्यास करून 1872 मध्ये ग्रंथ प्रसिद्ध केला. प्रचलित उतारे त्यांनी प्रयोगांनी तपासले. पण त्यांतील एकही खात्रीचा ठरला नाही. त्यामुळे आवळपट्टी बांधणे, जखम कापणे व डागणे हेच उपाय उरले. 1890 च्या दशकात फ्रेंच शास्त्रज्ञ आल्बेर काल्मेत यांनी प्राण्यांच्या रक्तद्रवापासून प्रतिविष तयार केले. मुंबईत वाल्डेमार हाफकिन यांनी प्लेगच्या काळात सुरू केलेल्या प्रयोगशाळेला 1925 मध्ये हाफकिन संस्था हे नाव मिळाले. नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चार प्रमुख विषारी सापांवरील एकत्रित प्रतिविष या संस्थेने पुढे तयार केले. औषधाचा प्रश्न अशा रीतीने बऱ्याच अंशी सुटला. ओळखीचा व वेळेचा प्रश्न मात्र कायम राहिला.

ओळखीची अडचण :
मण्यारचा दंश हे याचे ठळक उदाहरण आहे. हा साप रात्री, बहुधा जमिनीवर झोपलेल्या माणसाला चावतो. वेदना जवळजवळ होत नाही, दंशाची खूणही सहसा दिसत नाही. पहाटे पोट दुखते, उलट्या होतात. घरचे लोक ते अपचन समजतात. नंतर पापण्या जड होतात, गिळता येत नाही, बोलणे अस्पष्ट होते आणि शेवटी श्वसनाचे स्नायू निकामी होतात. प्रतिविष वेळेत न मिळाल्यास रुग्णाला कृत्रिम श्वासोच्छ्वासावर काही दिवस जगवावे लागते. म्हणून जड झालेली पापणी हीच रुग्णालयाकडे धावण्याची सूचना मानली पाहिजे. याउलट घोणस व फुरसे यांच्या दंशात सूज येते आणि रक्त गोठत नाही; तेथे घट्ट आवळपट्टी व जखम कापणे घातक ठरते. फेरर यांच्या काळातील उपाय आता वैद्यकशास्त्राने नाकारले आहेत. परंतु लोकस्मृतीत ते अद्याप टिकून आहेत.

गडचिरोलीचा धडा :
धोक्याची लक्षणे ओळखण्याचे ज्ञान गावाला देता येते, हे शेजारच्या गडचिरोली जिल्ह्यात सिद्ध झाले. डॉ. अभय व डॉ. राणी बंग यांनी 1986 मध्ये स्थापन केलेल्या ‘सर्च’ संस्थेने 1995 ते 1998 या काळात 39 गावांत नवजात बालकांची घरोघरी काळजी घेण्याचा प्रयोग केला. स्तनपान कमी होणे, रडणे क्षीण होणे यांसारखी चिन्हे प्रशिक्षित गावकरी स्त्रियांनी ओळखली. या गावांतील नवजात मृत्यूदर सुमारे 62 टक्क्यांनी घटला. आजार वेगळा असला तरी ओळखीचे तत्त्व तेच आहे.

वाहतूक व वर्तमान :
2014 मध्ये महाराष्ट्रात 108 क्रमांकाची आपत्कालीन सेवा 937 रुग्णवाहिकांसह सुरू झाली. वाहतुकीची उणीव काही अंशी भरून निघाली. तरीही 2000 ते 2019 या काळात भारतात सर्पदंशाने सुमारे 12 लाख मृत्यू झाल्याचा अंदाज 2020 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात मांडण्यात आला. केंद्र शासनाने 2024 मध्ये राष्ट्रीय कृती आराखडा जाहीर करून 2030 पर्यंत हे मृत्यू निम्म्यावर आणण्याचे उद्दिष्ट ठेवले आहे.

निष्कर्ष :
प्रतिविष, रस्ता, रेल्वे व रुग्णवाहिका ही साधने टप्प्याटप्प्याने गावाच्या जवळ आली. घरातील पहिला निर्णय मात्र अद्याप घरच्यांच्याच हाती आहे. रुग्णाला धीर देणे, दंश झालेला अवयव न हलवता आधार देऊन ठेवणे, 108 ला फोन करणे आणि मांत्रिकाकडे वेळ न दवडता रुग्णालय गाठणे एवढे ज्ञान पुरेसे आहे. सौंदडसारख्या गावांतील शाळा-महाविद्यालयांनी रोवणीपूर्वी ते घरोघरी पोहोचवले, तर शतकापूर्वीच्या शोधाचा लाभ खऱ्या अर्थाने बांधीवर राबणाऱ्या माणसाला मिळेल.